वासोटा एका दिवसात: वाटाड्या, बोट आणि परतीची वेळ

साताऱ्याजवळच्या वासोटा किल्ल्यावर जायचं म्हटलं की लोक पहिला प्रश्न चढाचा विचारतात. चढ दोन-अडीच तासांचा आहे, वाट मळलेली आहे आणि थोडीफार चालायची सवय असलेला माणूस दमानं तो चढून जातो. विचारायला हवं ते असं: परतीची बोट किती वाजता, आणि त्या वेळी तुम्ही कुठे असणार? या सहलीत जे बिघडतं ते उतरताना बिघडतं. त्याचं मूळ मात्र सकाळी बामणोलीच्या धक्क्यावर वाया गेलेल्या तासात असतं.

किल्ला आहे कोयना अभयारण्यात, कोयना धरणाच्या शिवसागर जलाशयापलीकडे, म्हणून बामणोलीहून बोटीनं जायचं. कोयना आणि चांदोली मिळून २०१० मध्ये सह्याद्री व्याघ्र प्रकल्प झाला, २०१२ मध्ये पश्चिम घाटातल्या जागतिक वारसा स्थळांतही ही दोन्ही जंगलं आली. त्यामुळे गडावर मुक्काम नाही, जंगलात शेकोटी नाही आणि अंधार पडायच्या आत सगळ्यांनी बाहेर. पावसाळ्यात अभयारण्य बंद असतं, साधारण ऑक्टोबरच्या मध्यापासून पुढे उघडतं. नियम आणि शुल्क हंगामागणिक बदलतात, म्हणून जायच्या आठवड्यात बामणोलीच्या वनविभागाच्या कार्यालयात विचारून घ्या. मित्राच्या मित्राने दोन वर्षांपूर्वी काय केलं, याचा उपयोग नाही.

बामणोलीपर्यंत

सातारा, कास, बामणोली. दीड तास धरा, घाटाचा रस्ता आहे. सकाळी साडेसातला धक्क्यावर असा.

परवाना आणि बोट

सगळ्यांची नावं लिहिलेली यादी आणि ओळखपत्रांच्या प्रती घरून तयार आणा. धक्क्यावर उभं राहून एकेकाला फोन करून आधार कार्डाचा फोटो मागवण्यात अर्धा तास जातो आणि तोच अर्धा तास संध्याकाळी कमी पडतो. बोटीचं भाडं माणशी नसून बोटीमागे असतं, त्यामुळे संख्या आधी पक्की करा. बोटवाल्यांना निघायची वेळ आणि परतीची वेळ दोन्ही विचारा, आणि परतीची वेळ गटातल्या प्रत्येकाच्या कानावर घाला. ते दिवसभर तुमच्यासाठी पायथ्याशी थांबून राहतात. त्यांना अंधारात शिवसागर ओलांडायला लावणं हा माज आहे, दुसरं काही नाही.

लाईफ जॅकेट घाला. फोटोसाठी काढून ठेवू नका.

पाण्यातून जायला तास-सव्वा तास लागतो. हंगामाच्या सुरुवातीला जलाशय भरलेला असतो आणि बोट थेट झाडीपाशी लागते. मार्चनंतर पाणी मागे हटत जातं, मग बोट लांब थांबते आणि भेगाळलेल्या गाळावरून उन्हात चालत जंगल गाठावं लागतं. जाताना ते चालून जातं. परत येताना, पाय गेलेले असताना, तेच अंतर जिवावर येतं. उन्हाळ्यात जाणार असाल तर हा वेळ दोन्ही बाजूंनी धरा.

वाटाड्या घ्यायचाच

‘वाट मळलेली आहे, गाईड कशाला?’ हा सल्ला देणाऱ्यांनी बहुधा सुट्टीच्या दिवशी, पुढच्या गटाच्या मागे मागे चालत वासोटा केलेला असतो. मधल्या वारी, गर्दी नसताना, नागेश्वरच्या (म्हणजे जंगलातल्या महादेवाच्या गुहेच्या) फाट्यावर उभं राहिलं की दोन्ही वाटा सारख्याच मळलेल्या दिसतात. आणि रस्ता दाखवणं हे वाटाड्याचं सगळ्यात लहान काम आहे. गव्याचं ताजं शेण, अस्वलानं उकरलेलं वारूळ, भेकराचं एकाएकी सुरू झालेलं भुंकणं, यांचा अर्थ लावणं हे त्याचं खरं काम. मागे एकदा ओढ्याकाठी आमच्या वाटाड्यांनी काठी आडवी धरून सगळ्यांना थांबवलं. ओल्या मातीत गव्याचा खूर उमटलेला होता आणि त्या खळग्यात बाजूनं पाणी अजून झिरपत होतं, काठोकाठ भरलं नव्हतं. म्हणजे जनावर आत्ताच गेलेलं. आम्ही दहा मिनिटं गप्प उभे राहिलो, मग त्यांनी मान हलवली आणि पुढे निघालो. आम्हाला तो खूर दिसलासुद्धा नसता.

वाटाड्यांशी बोलणी निघायच्या आधी करा: पैसे किती, कुठवर यायचं, किती वाजता फिरायचं. गट मोठा असेल तर दोघे घ्या, एक पुढे आणि एक शेवटच्या माणसाच्या मागे. एकच असतील तर त्यांना पुढे ठेवा आणि गटातला सगळ्यात अनुभवी, सगळ्यात शांत माणूस शेवटी. तरण्याताठ्या पोरांना वाटाड्यांच्या पुढे पळू देऊ नका. त्यांना ‘ए गाईड’ म्हणून हाक मारू नका, दादा म्हणा, काका म्हणा. त्यांच्यापैकी कित्येकांची मूळ गावं याच जलाशयाखाली आहेत. थोडी माया दाखवलीत तर बोट चालू असतानाच ते बोटानं दाखवतील, इथे अमुक गाव होतं, तिथे देऊळ होतं.

पायथा आणि चढ

पायथ्याला मेट इंदवली. इथल्या वनविभागाच्या चौकीवर सामान तपासतात. प्लास्टिक मुळात आणूच नका. डबे आणि धातूच्या बाटल्या पुरतात. माणशी तीन लिटर पाणी घ्या. गडावरच्या टाक्यांच्या भरवशावर निघू नका.

ओढा ओलांडला की चढ सुरू. दाट झाडी, सावली, वर शेकरूची घरटी. ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये ओलाव्यात जळवा असतात, पायजमा मोज्यात खोचा आणि लागलीच तर ओढून काढण्यापेक्षा नखानं कडेनं सरकवून सोडवा. स्पीकरवर गाणी लावणारा गटात असेल तर त्याला धक्क्यावरच समज द्या. पण अगदी मुक्यानं चालणंही बरं नाही. अस्वलाला माणसाची चाहूल लागली की ते बाजूला होतं. अंगावर येतं ते बहुतेकदा दचकल्यामुळे. हलक्या आवाजात बोलत चाला. गवा समोर आला तर उभं राहा, त्याला वाट मोकळी ठेवा, मोबाईल काढू नका.

झाडी संपून कारवी आणि कातळ लागला की गड आला.

माथा

पडका दरवाजा, बिनछपराचा मारुती, महादेवाचं देऊळ, चुन्याचा घाणा. राजापूरच्या वखारीतल्या इंग्रज कैद्यांपैकी काहींना शिवकाळात इथे ठेवलं होतं. एवढं जंगल तुडवून आल्यावर ही जागा का निवडली ते सांगावं लागत नाही. बाबूकडा चुकवू नका. समोर जुना वासोटा हा शेजारचा डोंगर उभा दिसतो, इतका जवळ की १८१८ मध्ये इंग्रजांनी तिथून तोफा डागून हा गड घेतला हे सहज पटतं. मध्ये सरळ तुटलेली दरी आहे आणि कडेला सुटे दगड आहेत. टोकापासून दोन माणसांच्या लांबीइतकं दूर उभे राहा. कड्यांना आग्या मोहोळं असतात, त्यामुळे अंगाला अत्तर नको, विडी-सिगारेट तर नकोच.

इथून पुढचं नीट वाचा.

फिरायची वेळ

गडावर सव्वाबाराला पोचलात तरी पावणेदोनला पाय उताराला लागले पाहिजेत. साडेबाराला पोचलात तरी पावणेदोन. दीडला पोचलात तरी पावणेदोन, मग बाबूकडा राहिला तर राहिला. आणि दीड वाजताही गड समोर नुसता दिसतच असेल तर तिथूनच मागे फिरा. ही वेळ सकाळी बोटीत ठरवायची, सगळ्यांसमोर, वाटाड्यांच्या साक्षीनं. माथ्यावर वारा लागत असताना, डबे उघडलेले असताना, कोणीतरी अजून फोटो काढत असताना ती ठरवता येत नाही. तिथे प्रत्येकाला आणखी दहाच मिनिटं हवी असतात आणि माणसं असतात बारा.

मलाही हा टप्पा बसवायला बरेच हंगाम लागले, कारण कागदावर हिशोब सोपा वाटतो: चढायला अडीच तास, म्हणजे उतरायला दीड. तसं होत नाही. डिसेंबरपासून पुढे सगळ्या वाटेवर पाचोळ्याचा थर असतो. चढताना तो बोटांखाली दबतो आणि काही जाणवत नाही. उतरताना टाच त्याच्यावर पडते, पाचोळा पाचोळ्यावरून घसरतो आणि खाली लपलेला गोटा फिरतो. घोटे इथेच मुरगळतात. पुढचा एक घसरला की मागचे सगळे भीतभीत पाय टाकायला लागतात आणि गटाचा वेग निम्म्यावर येतो. म्हणून उताराला कमीत कमी दोन तास धरा, गटात नवखे असतील तर अडीच.

उतरायची रीत अशी. निघण्यापूर्वी बुटांच्या नाड्या घोट्यापाशी आवळून बांधा, म्हणजे बोटं पुढे आदळणार नाहीत. नखं आदल्या दिवशी कापलेली हवीत. पावलं लहान टाका, गुडघे किंचित वाकलेले ठेवा, पाऊल पूर्ण टेकवा. अंग मागे झोकून टाचेवर उतरू नका. भीती वाटली की सगळे तेच करतात आणि त्यामुळेच बसकण मारतात. काठी एक तरी घ्या आणि पाऊल टाकण्याआधी पाचोळ्यात खुपसून बघा. आधाराला बारक्या फांद्या धरू नका, वाळलेली फांदी हातात येते. हिरवा चापडा हा विषारी साप अशाच फांद्यांवर बसलेला असतो आणि पानासारखाच दिसतो.

सगळ्यात हळू माणूस पुढे, वाटाड्यांच्या लगेच मागे. या गोष्टीवर लोक माझ्याशी वाद घालतात, पण मी ऐकत नाही. हळू माणूस मागे राहिला की पुढचे दर वळणावर थांबून विश्रांती घेतात, तो धापा टाकत पोचला की ते उठतात, आणि ज्याला विश्रांतीची खरी गरज असते त्याला ती कधीच मिळत नाही. शेवटच्या तासात तो माणूस बसतो आणि मग बाकीचेही बसतात.

नागेश्वरचं काय? वासोटा आणि नागेश्वर एकाच दिवसात ‘होतं’ असं सांगणारे असतात. चार सराईत माणसं, पहिली बोट आणि थंडीचे दिवस असतील तर होतं. बाकीच्यांनी नागेश्वरसाठी वेगळा दिवस काढावा. परतताना फाट्यावर ‘आम्ही दोघं नुसतं बघून येतो’ म्हणणाऱ्यांना तर अजिबात सोडू नका. गट फुटला की वाटाड्यांना कोणाबरोबर जायचं हेच ठरवता येत नाही, आणि जे वाटाड्याशिवाय उरतात त्यांची जबाबदारी तुमची.

वेळ झाली की वाटाडे फारसं बोलत नाहीत. एखादे काका नुसते उठतात, टोपी झटकतात, काठी उचलतात आणि म्हणतात, “चला पाव्हणं, येळ झाली.” तेव्हा वाद घालायचा नाही. ढग आले, जनावराची चाहूल लागली किंवा गटातल्या कोणाचा चेहरा उतरलेला दिसला तर ते ठरलेल्या वेळेआधीही उठतात. त्याचं कारण वाटेत विचारा, बसल्या जागी नको.

हे सगळं पाळलंत तर चारच्या आसपास तुम्ही पायथ्याच्या ओढ्याशी असता. बूट काढून पाय पाण्यात सोडायला पंधरा मिनिटं मिळतात, बोट वेळेवर सुटते आणि डिसेंबरातही उजेडात बामणोली गाठता येते.

परतल्यावर

चौकीवर नाव-नोंद आणि अनामत ठेवली असेल तर ती बोटीत बसायच्या आधीच निस्तरा. वाटाड्यांचे पैसे त्यांच्या हातात रोख द्या. तिथे मोबाईलला रेंज मिळेलच असं नाही, ‘घरी गेल्यावर पाठवतो’ हे चालणार नाही. बामणोलीत उतरल्यावर चहा घ्या आणि गाडी चालवणाऱ्याला अर्धा तास बसू द्या, कारण कासचा घाट अंधारात लागणार आहे.