हिब्रू आधी शिकले तीच चूक झाली: अरबी मुलखातल्या ज्यूंचा अभ्यास सुरू करणाऱ्यांसाठी

गेल्या दोनेक वर्षांत चार-पाच जणांनी मला तोच प्रश्न विचारलाय, की ताई तुम्ही ते ज्यू लोकांचं अरबस्तानातलं वगैरे काहीतरी करता ना, ते कसं सुरू करायचं. प्रत्येकाला फोनवर तासभर सांगण्यापेक्षा एकदाच लिहून टाकते. शहाणपणा शिकवायचा नाहीये, माझी जी वर्षं फुकट गेली ती तुमची जाऊ नयेत एवढंच.

मी मूळची पुण्याची. लहानपणी कॅम्पातून जाताना लाल देऊळ दिसायचं आणि बाबा म्हणायचे ते चर्च आहे. कॉलेजात गेल्यावर कळलं की ते सिनेगॉग, म्हणजे ज्यूंचं प्रार्थनास्थळ आहे, ओहेल डेव्हिड, ससून हॉस्पिटलवाल्या डेव्हिड ससूनने बांधायला घेतलेलं, आणि त्याची कबर पण तिथेच आवारात आहे. मग कळलं की हा माणूस 1792 साली बगदादला जन्मला, बाप तिथल्या पाशांचा खजिनदार, आणि दाऊद पाशाच्या जाचाला कंटाळून बुशहरमार्गे मुंबईला आला. मला प्रश्न पडला, साधाच, की बगदादमध्ये ज्यू काय करत होते? आपल्या डोक्यात ज्यू म्हणजे युरोप, हिटलर आणि नंतर इस्रायल, एवढंच असतं. तर उत्तर असं निघालं की ते तिथे इस्लामच्याही हजारएक वर्षं आधीपासून होते, इ.स.पू. सहाव्या शतकात बाबिलोनच्या नेबुखद्नेझर राजाने जेरुसलेमहून पकडून नेले तेव्हापासून, आणि ज्याला ज्यू लोक आजही धर्मशास्त्राचा पाया मानतात तो तालमूद ग्रंथ तिथेच, आजच्या इराकात तयार झाला. हे वाचलं आणि मी अडकले ती अडकलेच.

आता चूक. मी विचार केला ज्यूंचा अभ्यास म्हणजे हिब्रू. दोन वर्षं हिब्रू शिकले, ऑनलाइन क्लास लावले, पैसे घातले. मग पहिल्यांदा बाराव्या शतकातल्या एका पत्राचा फोटो उघडला, अक्षरं सगळी ओळखीची, एकेक अक्षर वाचता येतंय आणि अर्थ शून्य. कारण ते हिब्रू नव्हतंच. अरबी होतं, हिब्रू अक्षरात लिहिलेलं. आपल्याकडे कुणी मोडी लिपी घोटून घोटून शिकला आणि मराठीच येत नसेल तर पेशवे दफ्तरात बसून काय करेल, तसं माझं झालं.

तेव्हा नियम पहिला, आणि खरं तर हाच एक नियम आहे, अरबी आधी. लिपी नंतर पंधरा दिवसात होते, बावीसच तर अक्षरं आहेत. अरबीत अठ्ठावीस, म्हणून जादा सहा आवाजांसाठी अक्षरावर टिंब देतात, आणि लिहिणारा माणूस घाईत ते टिंब विसरलेला असतो, त्यामुळे गिमेल आलं की तो ज आहे का घ हे तुम्ही अंदाजाने ठरवायचं. मैमोनिडीससारखा मोठा ज्यू तत्त्वज्ञ, जन्म 1138 चा कॉर्दोबाचा, मोरोक्कोतून फिरत शेवटी कैरोजवळच्या फुस्तातला स्थायिक झालेला, त्यानेही तत्त्वज्ञानाचा मुख्य ग्रंथ याच अरबीत लिहिलाय. साआदिया गाऊन या ज्यू धर्मपंडिताने त्याच्याही दोनशे वर्षं आधी बायबलचा बराच भाग अरबीत आणला होता. म्हणजे अरबी ही त्यांची "परकी" भाषा नव्हती, घरची होती. हे डोक्यात पक्कं बसलं ना की अर्धा अभ्यास झाला समजा.

(इराणकडे वळायचं असेल तर फारसी, तुर्कस्तान आणि सलोनिका करायचं असेल तर 1492 ला स्पेनमधून हाकललेल्यांची लादिनो, कुर्दिस्तानातले तर अरामाइक बोलायचे. त्यातलं मला येत नाही त्यामुळे त्यावर बोलत नाही.)

नियम दुसरा, एक शहर धरा. "मुस्लिम देशांतले ज्यू" असा विषय घेऊन कुठल्याही गाइडकडे गेलात तर तो हाकलून देईल, मला दिलंच होतं, आणि जरा जास्तच खवचटपणे. पण मुद्दा बरोबर होता. येमेनच्या डोंगरात चांदीचे दागिने घडवणारा ज्यू आणि बगदादमधला बँकवाला ज्यू यांच्यात आपल्या कोकणातल्या आणि विदर्भातल्या माणसात असेल त्यापेक्षा जास्त फरक आहे. फेजमध्ये 1438 ला त्यांच्यासाठी वेगळी भिंतीआतली वस्ती केली, तिला मेल्लाह म्हणतात, मग मोरोक्कोत बाकी शहरांतही ती आली. पण सगळ्या अरब मुलखात ज्यू असेच कोंडलेले राहायचे असं समजू नका.

सुरुवात कुठून करायची तर माझं मत, कैरोच्या जेनिझातून. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, ज्यू लोकांत देवाचं नाव लिहिलेला कागद टाकून द्यायचा नसतो, तो एका खोलीत साठवायचा. फुस्तातच्या बेन एझ्रा सिनेगॉगमधल्या खोलीत लोकांनी देवाचं नाव असो नसो, हिब्रू काय, अरबी काय, कुठल्याही अक्षरातलं काहीही टाकलं. लग्नाचे करार, किराणा मालाची यादी, पोराची बाराखडीची वही, उधारीच्या चिठ्ठ्या, बायकोने परदेशी गेलेल्या नवऱ्याला झापलेली पत्रं. असं शेकडो वर्षांचं साठलं. 1896-97 च्या हिवाळ्यात सॉलोमन शेख्टर तिथे गेला आणि पोती भरून केंब्रिजला घेऊन आला, आज नुसत्या केंब्रिजला 1,93,000 च्या आसपास तुकडे आहेत. आणि ते फुकट, घरबसल्या बघता येतात. केंब्रिजच्या डिजिटल लायब्ररीवर फोटो आहेत आणि प्रिन्स्टन जेनिझा प्रोजेक्टवर हजारो कागदांचं वाचन टाइप करून ठेवलंय. एकीकडे फोटो दुसरीकडे वाचन असे दोन टॅब उघडून रोज दहा ओळी करायच्या. मी झूनिव्हर्स नावाच्या वेबसाइटवर जेनिझाचे तुकडे वेगळे करायचं काम पण केलं, तिथे काहीही येत नसलं तरी चालायचं, हा हिब्रू अक्षरातला का अरबी अक्षरातला, सुबक अक्षर का घाईतलं, एवढंच सांगायचं. पण हात बसतो त्याने. शंभरेक तुकडे झाले की डोळा तयार होतो.

आणि आपल्याला त्यात रस वाटावा असं एक कारण आहे. अब्राहम बेन यिजू नावाचा ज्यू व्यापारी, मूळचा ट्युनिशियातल्या महदियाचा, तो 1132 ते 1149 अशी सतरा वर्षं मंगळूरला राहिला. पितळी-काशाची भांडी बनवायचा कारखाना होता त्याचा, मिरी, लोखंड, सुपारी येमेनच्या एडन बंदरात पाठवायचा आणि तिकडून मागवायचा काय तर कागद आणि साखर. अशू नावाच्या इथल्या दासीला त्याने मुक्त केलं, आणि तीच पुढे त्याच्या पोरांची आई असं अभ्यासक मानतात. कागद इतका दुर्मिळ की आलेल्या पत्राच्या मागच्या कोऱ्या बाजूला हा हिशेब लिहायचा. आठशे-नऊशे वर्षांपूर्वीचा हिशेब, ट्युनिशियाच्या माणसाने कर्नाटकात बसून हिब्रू अक्षरात अरबी भाषेत लिहिलेला आणि सापडला इजिप्तमध्ये. मैमोनिडीसचा भाऊ डेव्हिड पण हिंदुस्थानच्या व्यापाराला निघाला होता, तो समुद्रात बुडाला आणि त्या धक्क्याने मैमोनिडीस वर्षभर अंथरुणाला खिळला, हे त्यानेच लिहून ठेवलंय. गॉयटाइन या अभ्यासकाने आयुष्य घालवलं या कागदांवर, पाच जाड खंड लिहिले. मी अजून तिसऱ्याच्या पुढे सलग गेले नाहीये, खोटं कशाला बोलू.

आता जरा नाजूक विषय. या अभ्यासात शिरलात की दोन्ही बाजूंनी लोक तुम्हाला ओढतात. एक म्हणतात इस्लामी राज्यात ज्यू सुखात होते, सगळं 1948 ला इस्रायल झाल्यावर बिघडलं. दुसरे म्हणतात चौदाशे वर्षं नुसता छळ. लग्नाकार्यात नातेवाईकसुद्धा विचारतात, मग नक्की काय ते सांग, आणि मी सांगायला लागले की दुसऱ्या वाक्याला जिलेबीकडे वळतात. मी त्यांना स्पेनमधल्या ग्रानाडाची गोष्ट सांगते. सॅम्युअल हानागीद हा ज्यू माणूस तिथल्या मुस्लिम राजाचा वजीर झाला, सैन्याबरोबर लढाईवर जायचा आणि छावणीतून हिब्रू कविता लिहायचा. तो 1056 ला गेला, मुलगा जोसेफ वजीर झाला आणि दहाच वर्षांत, 1066 ला, जमावाने त्या मुलाला मारलं आणि शहरातल्या ज्यूंची कत्तल केली. एकच घर, एकच शहर. यातलं कुठलं पान फाडायचं ते मला सांगा.

कायद्याने ते धिम्मी, म्हणजे संरक्षण आहे, धर्म पाळायची मुभा आहे, पण दर्जा खालचा आणि जिझिया भरायचा. पुस्तकात वाचलं तर जिझिया म्हणजे किरकोळ कर वाटतो. जेनिझातली गरिबांची पत्रं वाचा, वसुलीवाल्याच्या भीतीने माणूस घराबाहेर पडत नाहीये. आणि त्याच शहरात श्रीमंत ज्यू व्यापारी मुस्लिम भागीदाराबरोबर माल भरतोय. ऑटोमन राज्यात 1856 च्या फर्मानाने कागदावर तरी सगळे समान झाले, 1864 ला बगदादमध्ये पॅरिसच्या अलियान्स संस्थेची शाळा निघाली, फ्रेंच शिकलेली पोरं तयार झाली आणि पुढच्या पन्नास-साठ वर्षांत त्या समाजाचं रूपच पालटलं. इराकचा पहिला अर्थमंत्री ससून एस्केल हा ज्यू. 1932 ला कैरोत अरबी संगीताची मोठी परिषद झाली तिथे इराककडून गेलेल्या वाद्यवृंदात गायक कुब्बांची मुस्लिम आणि वाजवणारे एक सोडून सगळे ज्यू.

मग 1941 च्या जूनमध्ये फरहूद. दोन दिवस बगदादमध्ये दंगल, शेकडोंनी घरं-दुकानं लुटली, दीडशेच्या वर ज्यू मारले गेले, आणि कितीतरी मुस्लिम शेजाऱ्यांनी ज्यूंना घरात लपवलं हेही त्याच साक्षींमध्ये आहे. 1950 च्या मार्चमध्ये कायदा आला की नागरिकत्व सोडा आणि जा, वर्षभराने जाणाऱ्यांची मालमत्ता गोठवली. सव्वा लाखाच्या आसपास लोक विमानांनी इस्रायलला गेले. अडीच हजार वर्षांचा मुक्काम दीड-दोन वर्षात उठला. ते कागद वाचताना आपल्याकडची फाळणी आठवल्याशिवाय राहत नाही, पण तुलना सांभाळून करा, मी एका निबंधात बेधडक केली होती आणि शिव्या खाल्ल्या.

बगदाद धरायचं ठरवलंत तर अजून एक साठा आहे. 2003 ला अमेरिकन सैनिकांना सद्दामच्या गुप्तहेर खात्याच्या तळघरात, चारेक फूट पाण्यात, ज्यूंची 2,700 पुस्तकं आणि हजारो कागद सापडले. ते अमेरिकेत नेऊन वाळवले, दुरुस्त केले आणि स्कॅन करून ऑनलाइन टाकलेत. शाळेची रजिस्टरं सुद्धा आहेत त्यात. जेनिझापेक्षा हे वाचायला सोपं, कारण कागदांपैकी बरेचसे आधुनिक अरबीत आहेत.

बोलीसाठी माझी एक युक्ती चालली. पुण्यात इराकी, येमेनी विद्यार्थी खूप असतात. कोंढव्यात एका इराकी मुलाकडून मी बगदादी बोली शिकले आणि त्याला इंग्लिश शिकवलं. बगदादचा मुस्लिम "मी म्हणालो" ला गिलित म्हणतो आणि ज्यू म्हणायचा किलतू. गंमत अशी की जुनी, शहरी बोली ज्यूंची, मुस्लिमांची बोली नंतर आलेल्या बेदुइन, म्हणजे वाळवंटातल्या भटक्या टोळ्यांच्या वळणाची. त्या मुलाला एक रेकॉर्डिंग ऐकवलं तर हसला, म्हणाला आमच्या मोसुलच्या मावशीसारखं बोलतायत. आणि त्याच्याकडेच मला कळलं की इराकमध्ये कैरीच्या पिवळ्या लोणच्याला अंबा म्हणतात. आपलाच आंबा! मुंबईच्या बगदादी ज्यूंनी तो तिकडे नेला असं सांगतात, आणि इराकी ज्यूंनी पुढे इस्रायलला नेला, तिथे वांगं-अंड्याच्या साबिखवर घालून खातात.

पैशाचं पण सांगते कारण कुणी सांगत नाही. या विषयात भारतात नोकरी जवळजवळ नाही. माझं घर अरबी भाषांतरावर चालतं, हॉस्पिटलची कागदपत्रं, विद्यार्थ्यांची सर्टिफिकिटं, आणि एका प्रोजेक्टचं अर्धवेळ काम, तुकड्यांची वर्णनं लिहायची. बाहेरच्या स्कॉलरशिप मिळतात पण तिथे हिब्रू घरात बोलणारी आणि अरबी घरात बोलणारी पोरं स्पर्धेला असतात. तुमच्याकडे त्यांच्याकडे नाही असं काय आहे? मराठी. हे मला फार उशिरा कळलं. मुंबईच्या बगदाद्यांनी 1855 पासून हिब्रू लिपीतल्या अरबीत वर्तमानपत्र चालवलं, आणि त्याच मुंबईत कोकणातले बेने इस्रायल ज्यू मराठीत लिहीत होते. सॅम्युअल दिवेकरांनी 1796 ला बांधलेल्या सिनेगॉगला लोक जुनी मशीदच म्हणायचे. हेच बेने इस्रायल इंग्रजांच्या नोकऱ्यांमागे कराचीला गेले, तिथे 1893 मध्ये रणछोड लाइन्समध्ये मागेन शलोम सिनेगॉग बांधलं, त्यालाही आसपासचे लोक बनी इस्रायल मशीदच म्हणायचे. फाळणी झाली आणि घरात मराठी बोलणारे हे ज्यू एका रात्रीत मुस्लिम देशाचे नागरिक झाले. हळूहळू सगळे गेले, 1988 ला ती इमारत पाडली.

मी सध्या त्याच्या मागे आहे. कराचीहून मुंबई-पुण्याला, अलिबागला आलेली पत्रं कुठल्या तरी ट्रंकेत नक्की असणार. तुमच्या ओळखीत कुणाकडे असतील तर त्यांना एवढंच सांगा की लॅमिनेट करू नका, सेलोटेप लावू नका, घड्या जोर लावून उलगडू नका आणि उजेडात ठेवून मोबाइलने दोन्ही बाजूंचे फोटो काढा. मागची बाजू कोरी दिसली तरी.