हायडन-मोझार्टची चेष्टा कानात पकडायची तर

वेस्टर्न क्लासिकलमध्ये मुद्दाम केलेल्या चुका असतात म्हटलं की आपल्या जळगाव-धुळ्याकडचे म्हणतात, काय भो, बरोबर वाजवलेलंच कळत नाही तर चुकलेलं काय कळणार. कळतं, नक्की कळतं, फक्त बरोबर काय ते आधी कानात बसलं पाहिजे, ज्याला सम ठाऊक त्यालाच हुकलेली सम कळते ना.

हायडन आणि मोझार्ट हे दोघं अठराव्या शतकातले युरोपातले संगीतकार. सुरुवात हायडनपासून करा. १७८१ चं ऑपस ३३ (म्हणजे रचनासंच क्रमांक ३३) मधलं दुसरं स्ट्रिंग क्वार्टेट, म्हणजे चार तंतुवाद्यांसाठीची रचना, त्याला 'द जोक' असंच नाव पडलंय. त्याचा शेवटचा, चौथा भाग लावा आणि सोबत बसलेल्यांना आधी काही सांगू नका. चाल छोटी आणि चपळ आहे, सारखी फिरून येते. ती गुणगुणता येईपर्यंत पहिला मिनिट रिपीट करा, इथे घाई नकोच, पुढची सगळी मजा तिच्यावरच आहे. शेवटाकडे एकदम संथ, भारदस्त वाजायला लागतं, मग तीच चाल परत येते पण तुकडे करून, तुकडा, गप्प, तुकडा, गप्प. चाल पूर्ण होते, लांब शांतता, टाळ्यांना हात उचलले जातात, आणि चालीचा पहिलाच तुकडा अगदी हळू आवाजात वाजतो. बस, तिथंच संपतं!

म्हणून फोन उलटा ठेवा, किती सेकंद उरले ते दिसलं की मजा गेली. यूट्यूबवर ऐकत असाल तर मधे जाहिरात येणार नाही याची सोय आधीच करा. आणि मे महिन्यात कूलर तेवढा वेळ बंद, नाहीतर शेवटचा तुकडा त्या घरघरीत ऐकूच येत नाही. सकाळी लवकर ऐकलेलं बरं.

मग मोझार्टचं १७८७ चं 'अ म्युझिकल जोक', के. ५२२ (मोझार्टच्या रचनांच्या यादीतला क्रमांक). चार तंतुवाद्यं आणि दोन हॉर्न, म्हणजे फुंकून वाजवायची पितळी वाद्यं. दुसऱ्या भागात हॉर्न मधेच भलतेच सूर लावतात, आणि मोझार्टनं तिथं गोड वाजवा असं लिहून ठेवलंय! तिसऱ्यात व्हायोलिन एकटं वर वर चढत जातं आणि पार भरकटतं. शेवटी तर हॉर्न मूळ पट्टीत राहतात आणि बाकीचे चौघं तंतुवाद्यवाले चार वेगळ्या पट्ट्यांत आपटतात, हे कोणालाही कळतं, शिकवावं लागत नाही.

दोन-तीन ग्रुपची रेकॉर्डिंग ऐकून बघा, जे हसवायला म्हणून जास्तीचं वाकडं वाजवतात ते सोडा, गंभीरपणे वाजवणारे निवडा.