वर्षावनातली एक दिवसाची गाईडेड टूर: या चुका टाळा

वर्षावनातून फिरून आलेल्यांची नेहमीची तक्रार म्हणजे, "काही दिसलंच नाही." तक्रार बहुतेक वेळा खरी असते, पण दोष जंगलाचा नसतो. मोकळ्या गवताळ प्रदेशातल्या सफारीत जनावरांचे कळप लांबूनच नजरेस पडतात, इथे ते शक्य नाही. वर्षाला २,००० मिलिमीटरच्या आसपास किंवा त्याहून जास्त पावसावर पोसलेली ही झाडी इतकी दाट असते, की जमिनीपर्यंत सूर्यप्रकाशाचा जेमतेम १ ते २ टक्के भाग पोहोचतो. फुलं, फळं, कोवळी पानं बहुतेक सगळी वर, तीस-चाळीस मीटरवर. म्हणून माकडं, पक्षी आणि स्लॉथ (फांद्यांना लटकून राहणारा संथ प्राणी) यांचा संसारही तिथेच. खाली चालणाऱ्या माणसाला हे जग गाईडच्या डोळ्यांनी आणि स्वतःच्या कानांनी बघावं लागतं. पुढच्या चुकांपैकी बऱ्याच चुका अशा आहेत, की त्यांनी गाईडला त्याचं काम नीट करताच येत नाही.

"स्मॉल ग्रुप" एवढं वाचून पैसे भरणं

सहा जणांचा गटही स्मॉल ग्रुप म्हणून विकला जातो आणि सोळा जणांचाही. पायवाट अरुंद असते, सगळे एकामागोमाग एक चालतात. गाईड हळू आवाजात जे सांगतो ते शेवटच्या माणसापर्यंत पोहोचत नाही, आणि पुढच्यांनी पाहिलेला पक्षी तोवर उडून गेलेला असतो. त्यामुळे बुकिंगआधी थेट आकडा विचारा: एका गाईडमागे जास्तीत जास्त किती जण? माझ्या मते आठाच्या वर गेलं की मजा झपाट्याने कमी होते. युगांडातल्या ब्विंडी जंगलात गोरिलांच्या एका कुटुंबाजवळ एका वेळी आठच पर्यटक आणि तेही एकच तास, असा नियम आहे. तो गोरिलांच्या भल्यासाठी केलेला असला, तरी लहान गटाचा फायदा बघणाऱ्यालाही मिळतोच.

दुसरा प्रश्न वेळेचा. "पूर्ण दिवस" या शब्दांत गाडीचा प्रवास, जेवण आणि वाटेतलं दुकान सगळं येतं. प्रत्यक्ष पायवाटेवर किती तास, आणि ते दिवसाच्या कोणत्या वेळी, हे विचारा. पक्षी आणि माकडं पहाटे आणि सकाळी सर्वांत जास्त हालचाल करतात. पेरूतल्या तांबोपाता भागात नदीकाठच्या मातीच्या कड्यांवर मकाव पोपट जमतात ते सकाळीच. दहा वाजता जंगलात पोहोचवणारी टूर आरामशीर वाटते खरी, पण तोवर जंगल गप्प होऊ लागलेलं असतं. पहाटे निघणारी टूर मिळत असेल तर झोपेचा विचार न करता तीच घ्या.

आणि "प्राणी दिसतील याची शंभर टक्के हमी" किंवा "स्लॉथला मांडीवर घेऊन फोटो" असं लिहिलेलं दिसलं तर तिथे पैसे देऊ नका. रानातल्या प्राण्याची हमी देता येत नाही. हमी देणारा एकतर खाणं टाकून प्राणी बोलावतो, नाहीतर पकडून ठेवतो. हातात दिलेलं पिल्लू बहुधा आईपासून तोडलेलं असतं. आपण दिलेल्या पैशावरच हा धंदा चालतो.

गाईडला स्वतःबद्दल काहीच न सांगणं

गुडघा दुखतो, दमा आहे, मधमाशीच्या डंखाची अॅलर्जी आहे, उंचीची भीती वाटते, या गोष्टी लोक संकोचून सांगत नाहीत. मग झुलत्या पुलाच्या मधोमध पाय थरथरायला लागतात. घानातल्या काकुम राष्ट्रीय उद्यानात असा पूल जमिनीपासून सुमारे ४० मीटर उंचावर झाडांना बांधलेला आहे. तिथे मधेच विचार बदलला तर मागे रांग लागलेली असते. निघण्याआधी दोन मिनिटं गाईडला बाजूला घेऊन सांगा. अॅलर्जीचं इंजेक्शन बाळगत असाल तर ते पिशवीच्या कोणत्या कप्प्यात आहे, हेही त्याला दाखवून ठेवा.

आवडही सांगा. "आम्हाला बेडूक बघायचेत", "मला ऑर्किडमध्ये रस आहे" असं कळलं की चांगला गाईड वाट आणि वेग दोन्ही बदलतो. कोणी काही बोललंच नाही, तर तो सगळ्यांना चालेल असा ठरलेला फेरफटका मारून आणतो.

जीन्स, सुती टी-शर्ट आणि नवे कोरे बूट

वर्षावनात तापमान २८-३० अंशच असेल, पण हवेतली आर्द्रता इतकी असते की घाम वाळतच नाही. घाम वाळला नाही तर शरीर थंड होत नाही. सुती कापड भिजलं की दिवसभर ओलं राहतं, आणि भिजलेली जीन्स मांड्या सोलवटते. पटकन वाळणाऱ्या कापडाची सैल, पूर्ण बाह्यांची पॅंट-शर्टची जोडी घाला. आफ्रिकेत त्सेत्से माशी असलेल्या भागात गडद निळा आणि काळा रंग टाळा, तिला हे रंग ओढून घेतात. ॲमेझॉनमध्ये बऱ्याच ठिकाणी गमबूट देतात, पण सगळ्या मापाचे असतीलच असं नाही. माप आधी कळवा आणि बुटाच्या वरपर्यंत येणारे लांब मोजे न्या. बूट स्वतःचे असतील तर ते आधी चालून मऊ केलेले हवेत.

डोकं दुखायला लागलं, मळमळलं, चालताना तोल जातोय असं वाटलं, तर "थोडं पुढे जाऊन बसतो" म्हणू नका. तिथेच सांगा, बसा, कपडे सैल करा, पाणी आणि ओआरएस घोट-घोट घ्या. नुसतं पाणी ढोसत राहिल्याने घामातून गेलेलं मीठ भरून निघत नाही. बरोबरचा माणूस असंबद्ध बोलू लागला तर तो उष्माघात असू शकतो. अशा वेळी त्याच्या अंगावर पाणी ओतून वारा घालायला लागा आणि गाईडला मदत मागवायला सांगा.

दुर्बीण घरी, कॅमेरा एसीत

एकच वस्तू जास्तीची न्यायची असेल तर ती दुर्बीण असू द्या. चाळीस मीटरवरचा ट्रोगॉन पक्षी नुसत्या डोळ्यांना एक ठिपका असतो. इथे ८×४२ दुर्बीण (आठ पट मोठं दाखवणारी, पुढचं भिंग ४२ मिलिमीटरचं) सर्वांत सोयीची. १० किंवा १२ पट मोठं दाखवणारी दुर्बीण भारी वाटते, पण तिच्यात दिसणारा भाग लहान होतो, हात हलला की चित्र हलतं आणि झाडीतल्या अंधुक उजेडात प्रतिमा काळवंडते. दोघांत एक दुर्बीण नेऊ नका. पक्षी तुमची पाळी येईपर्यंत थांबणार नाही.

एसी गाडीतून उतरून लगेच कॅमेरा काढला की काचेवर धुकं धरतं, कारण गार काचेवर दमट हवेतली वाफ जमते. पुन्हा पुन्हा पुसून ते जात नाही. कॅमेरा बंद पिशवीतच ठेवून अर्धा तास बाहेरच्या हवेत राहू द्या, आणि तोवर लेन्स बदलू नका, नाहीतर वाफ आत जाईल. मोबाईलवर फांदीवरचा पक्षी काळा येत असेल तर मागचं पांढरं आकाश हे त्याचं कारण आहे: पडद्यावर पक्ष्यावर बोट ठेवा आणि उजेड वाढवा. गाईडकडे स्पॉटिंग स्कोप (तिपाईवर लावायची एकनळी दुर्बीण) असेल तर त्याला विचारून मोबाईल स्कोपच्या भिंगाला लावा, फोटो थक्क करणारे येतात. फ्लॅश मात्र बंदच.

डासांच्या औषधात डीट हे डास पळवणारं रसायन असेल तर ते हातावरून दुर्बिणीला, चष्म्याला, घड्याळाच्या काचेला लागू देऊ नका, प्लास्टिक विरघळतं. आधी सनस्क्रीन, ते मुरल्यावर डासांचं औषध, हा क्रम ठेवा. असे हात घेऊन बेडकाला तर मुळीच शिवू नका. बेडूक कातडीतूनही श्वास घेतो, आपल्या हातावरचं सगळं त्याच्या अंगात जातं.

आधाराला दिसेल ते झाड धरणं

घसरलं की हात आपोआप जवळच्या खोडाकडे जातो. ही सवय जंगलात शिरण्याआधीच मोडायला हवी. मध्य आणि दक्षिण अमेरिकेत त्या खोडावर बुलेट मुंगी असू शकते, जिचा डंख कीटकांच्या सर्वांत वेदनादायक डंखांत गणला जातो. अनेक ताडांच्या खोडांना बोटभर काटे असतात. ऑस्ट्रेलियात क्वीन्सलँडच्या जंगलात गिम्पी-गिम्पी नावाचं झुडूप आहे. त्याच्या बदामी आकाराच्या पानांवरचे काचेसारखे बारीक केस कातडीत रुततात आणि त्यांचा दाह कित्येक महिने पुन्हा पुन्हा उठू शकतो. स्पर्श झालाच तर चोळू नका, चोळल्याने केस तुटून आत जातात. केस काढायच्या वॅक्सपट्टीने ते उपटून काढायचे असतात. काठी घेऊन चाला आणि ओल्या लाकडी पुलांवर पाय सपाट टेकवत लहान पावलं टाका.

बसतानाही हाच विचार. ओंडक्यावर बसण्याआधी गाईडला विचारा, पिशवी जमिनीवर टाकू नका, आणि आडोशाला जायचं झालं तर सांगून जा. पाचोळ्यात पडलेला फेर-द-लान्स साप एक पावलावर असूनही दिसत नाही. साप चावलाच तर जखम कापणं, चोखणं, करकचून बांधणं या तिन्ही गोष्टी नुकसान करतात. चावलेला अवयव हलू न देता माणसाला शक्य तितक्या लवकर दवाखान्यात पोहोचवणं हाच उपाय.

जळवांची भीती त्या मानाने फार मोठी असते. बोर्निओत पावसानंतर त्या पानापानावर असतात. तिथे घट्ट विणीचे, गुडघ्यापर्यंतचे जळूमोजे मिळतात, ते वापरा. जळू चिकटली तर मीठ, काडेपेटी काही नको, त्याने ती पोटातलं जखमेत ओकू शकते. तोंडाकडच्या बारीक टोकाखाली नख सरकवून ते सोडवा, मग दुसरं टोक. रक्त बराच वेळ वाहतं, कारण जळूच्या लाळेत रक्त गोठू न देणारा पदार्थ असतो. दाबून धरा आणि जखम स्वच्छ ठेवा.

रांगेतून मागे राहणं

एक फोटो काढायला थांबलात, वर पाहिलं, आणि पुढचा माणूस वळणाआड गेलेला. वर्षावनात दहा मीटरवरचा माणूस दिसेनासा होतो आणि आवाजाची दिशा फसवते. रांगेतल्या प्रत्येकाने मागचा दिसतोय का हे बघत चालावं, हा नियम सुरुवातीलाच ठरवून घ्या. थांबायचं असेल तर पुढच्याला सांगूनच थांबा.

तरी चुकलात, तर जिथे आहात तिथेच थांबा. शिट्टी असेल तर तीन-तीनदा वाजवा, नाहीतर ठरावीक वेळाने हाक मारा. गाईड त्याच वाटेने मागे येतो. तुम्ही हललात की शोधायचा परिसर वाढत जातो. "ओढ्याच्या कडेने चालत राहावं" हा सल्ला लोकांच्या डोक्यात पक्का बसलेला असतो. २४ डिसेंबर १९७१ रोजी पेरूच्या जंगलात कोसळलेल्या विमानातून वाचलेली १७ वर्षांची युलियाने कोप्के ११ दिवस पाण्याच्या कडेने चालून माणसांपर्यंत पोहोचली, हे खरं आहे. पण ती प्राणिशास्त्रज्ञ आई-वडिलांबरोबर तिथल्याच जंगलातल्या संशोधन केंद्रात राहिलेली होती, आणि दाट झाडीमुळे शोधणाऱ्या विमानांना ती दिसणं शक्य नव्हतं. तुमचा गाईड पाच मिनिटांच्या अंतरावर आहे.

ओढा, नदी आणि मोठे प्राणी

तुमच्या डोक्यावर ऊन असतानाही वरच्या डोंगरात पाऊस पडत असू शकतो. ओढ्याचं पाणी अचानक गढूळ झालं, काटक्या-पानं वाहत येऊ लागली किंवा आवाज वाढला, की लगेच काठ चढून वर या. बूट, पिशव्या राहिल्या तर राहू द्या. क्वीन्सलँडमध्ये मगरींच्या नद्यांपासून निदान ५ मीटर दूर राहायला सांगतात, ते फोटोसाठीसुद्धा मोडायचं नाही. तिथेच कॅसोवरी हा मोठा पक्षी समोर आला तर पळू नका: पिशवी पुढे धरून, त्याच्याकडे तोंड ठेवून, सावकाश मागे सरका. खायला घातलेले कॅसोवरी माणसांवर धावून येऊ लागतात आणि रस्त्यावर येऊन गाड्यांखाली मरतात. सर्दी-खोकला असेल तर गोरिलांच्या टूरला जाऊच नका. आपले श्वसनाचे आजार त्यांना होतात आणि जिवावर बेततात.

परतीचं विमान त्याच संध्याकाळी

एका दरडीने सगळं वेळापत्रक कोलमडतं. शिवाय विषुववृत्ताजवळ सूर्य मावळल्यावर वीस-पंचवीस मिनिटांत मिट्ट काळोख होतो, झाडीत त्याहूनही आधी. म्हणून बॅटरी दिवसाच्या टूरलाही हवीच. परतीचं तिकीट दुसऱ्या दिवसाचं काढा. पीतज्वराची लस लागणाऱ्या देशात जात असाल तर ती प्रवासाच्या किमान १० दिवस आधी घ्यावी लागते, प्रमाणपत्र त्याआधी ग्राह्य धरत नाहीत. मलेरियाच्या गोळ्या परतल्यावरही सांगितले तितके दिवस घ्यायच्या असतात, आणि याच गोळ्या लोक सर्वांत जास्त विसरतात.

बुटांच्या खाचांतला चिखल त्याच ठिकाणी ब्रशने काढा आणि दुसऱ्या जंगलात जाण्याआधी बूट पूर्ण वाळवा. बेडकांना जीवघेणा रोग जडवणारी कायट्रिड बुरशी ओल्या मातीतून आणि पाण्यातून पसरू शकते. २०१९ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासानुसार या रोगामुळे उभयचरांच्या किमान ५०१ जाती घटल्या आणि त्यांतल्या ९० नामशेष झाल्या असाव्यात. ज्या बेडकांसाठी आपण एवढ्या लांब जातो, त्यांच्यासाठी दहा मिनिटं ब्रश घासणं फार नाही.

त्या रात्री आंघोळीच्या वेळी काखा, गुडघ्यांच्या मागे आणि केसांत गोचीड आहे का ते पाहा. असेल तर चिमट्याने कातडीलगत धरून सरळ ओढा. पुढच्या काही आठवड्यांत ताप आला तर डॉक्टरांनी विचारायची वाट पाहू नका. कोणत्या देशात, कोणत्या तारखांना गेला होतात, ओढ्यात उतरलात का, पायाला जखम होती का, हे स्वतःहून सांगा. मलेरिया आठवड्यानंतर किंवा काही महिन्यांनीही उठू शकतो आणि दूषित पाण्यातून होणारा लेप्टोस्पायरोसिस बहुधा पाच ते चौदा दिवसांत. साध्या तापासारखी सुरुवात झाल्याने दोन्हींचं निदान लांबतं.