कूलर चालू ठेवून रेडिओचा आवाज कसा नीट ठेवावा

नागपूरच्या महाल भागातल्या एका खोलीतून आमचा इंटरनेट रेडिओ चालतो. सकाळी भजनं, संध्याकाळी शेतकऱ्यांशी गप्पा. मे महिन्यात नागपुरात पारा ४५च्या आसपास असतो, कूलर बंद करून बसणं शक्यच नाही. म्हणून कुणाला प्रोसेसिंग, म्हणजे प्रसारणाआधी आवाज सावरणं, शिकवायचं झालं की मी एजीसीच्या गेटपासूनच सुरुवात करते.

एजीसी म्हणजे ऑटोमॅटिक गेन कंट्रोल, तो आवाजाची पातळी आपोआप सावरतो. गेट म्हणजे त्याने कुठल्या पातळीखाली काम थांबवायचं ती मर्यादा. पण पाहुणा दम घ्यायला थांबला की एजीसीला वाटतं आवाज पडला. तो पातळी वर ओढतो, कूलरची घरघर फुगत जाते आणि पुढचा शब्द कानावर आदळतो. माइक आणि कूलर दोन्ही चालू ठेवा, कुणी बोलू नका, इनपुट मीटर बघा. समजा मायनस ४८ डीबी दिसतंय, तर गेट मायनस ४२वर लावा. त्याखाली एजीसी जिथल्या तिथे थांबतो. हळू बोलणाऱ्याचा आवाज गेटच्या वर राहतोय ना, तेही तपासा. राहत नसेल तर माइक तोंडाजवळ आणा, गेट खाली आणू नका. एजीसीची वाढ १० डीबीपुरतीच ठेवा आणि वेग संथ. बोलण्याच्या माइकला ८० हर्ट्झचा हाय-पास, म्हणजे त्याखालचा आवाज कापणारा फिल्टर, लावला की पंख्याची खालची गुरगुरही बरीच जाते.

सॉफ्टवेअर म्हणाल तर मी स्टिरिओ टूल वापरते. प्लेअर आणि माइकचं मिक्स व्हर्च्युअल केबलने प्रोसेसरमध्ये, तिथून एन्कोडरला, म्हणजे आवाज स्ट्रीमसाठी आकुंचित करणाऱ्या सॉफ्टवेअरला. सॅम्पल रेट सगळीकडे एकच ठेवा.

आता भजनं. तुकडोजी महाराजांच्या भजनांत खंजिरी असते. एकाच बँडचा कॉम्प्रेसर, म्हणजे मोठा आवाज दाबणारं साधन, लावला तर तिच्या प्रत्येक थापेला गायकाचा आवाज दबतो. मल्टिबँडमध्ये आवाजाचे पट्टे पाडून प्रत्येक वेगळा दाबतात, त्यामुळे खंजिरीच्या झांजांचा वरचा पट्टा वेगळा सांभाळला जातो, गळा मोकळा राहतो. प्रत्येक पट्ट्यात तीन-चार डीबी दाब मला पुरतो. जुन्या कॅसेटवरच्या भजनाला वरचा पट्टा उचलू नका, नुसती सरसर वर येते.

एफएमचे प्रीसेट स्ट्रीमला जसेच्या तसे लावू नका, हे मी प्रत्येकाला सांगते. एफएमवर प्री-एम्फसिस, म्हणजे वरचे स्वर मुद्दाम उचलणं, लागतो, भारतात ५० मायक्रोसेकंदांचा, आणि रेडिओ सेट तो उलटा फिरवतो. मोबाइलवरच्या स्ट्रीमला असं कुणी फिरवत नाही. तिथे तो बंद, एफएमसाठी डावा-उजवा आवाज एकत्र बांधणारा स्टिरिओ कोडरही बंद. जोरदार क्लिपिंगही, म्हणजे आवाजाची शिखरं छाटणंही, नको. त्यातून निघणारी विकृती एन्कोडरचे बिट खाते, आणि ६४ केबीपीएसला बिट मुळातच कमी असतात. शेवटी लिमिटर, म्हणजे आवाजाला वरची मर्यादा घालणारं साधन, ट्रू पीक (खरं शिखर) मायनस १ डीबी, कारण एन्कोड झाल्यावर शिखरं थोडी उंचावतात. एकूण पातळी मी मायनस १६ एलयूएफएसच्या (कानाला जाणवणाऱ्या मोठेपणाचं एकक) आसपास ठेवते. युरोपातल्या प्रसारणाचं मायनस २३ मोबाइलच्या स्पीकरवर फार हळू लागतं.

कान प्रोसेसरच्या आउटपुटला लावू नका, प्रत्यक्ष स्ट्रीम ऐका: एकदा हेडफोनवर, एकदा स्वस्त मोबाइलवर, शक्यतो सीताबर्डीच्या गर्दीत. एका वेळी एकच गोष्ट बदला आणि जुनी सेटिंग वेगळ्या नावाने सेव्ह करून ठेवा.