पासपोर्ट सोडवायला कोर्टात जाण्यापूर्वी

वकीलपत्र, ओळखपत्र, फोटो हे सगळं तयार असेलच. आधी पासपोर्ट नेमका कुणाच्या कपाटात आहे ते शोधा: पोलिसांनी पंचनाम्यात घेतलाय, जामिनाच्या अटीपोटी कोर्टात जमा आहे, की पासपोर्ट कार्यालयाने अडकवलाय? तिघांकडचे रस्ते वेगळे. पोलिसांकडे असेल तर २००८ चा सुरेश नंदा निकाल अर्जाला जोडाच. पोलीस पासपोर्ट जप्त करू शकतात, पण अडकवून ठेवायचा अधिकार पासपोर्ट कायद्याच्या कलम १०(३) खाली पासपोर्ट प्राधिकरणाचा, असं त्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलंय. कार्यालयाने अडकवला असेल तर लेखी कारणं मागा, त्यांशिवाय अपिलात लिहिणार काय?

आता पासपोर्टची मुदत बघा. संपत आली असेल तर 'परदेशी जाण्यास परवानगी' एवढीच मागणी करून थांबू नका. नवा पासपोर्ट किती वर्षांचा द्यावा, हे अर्जात मागा आणि आदेशात लिहून घ्या. खटला चालू असताना कोर्टाच्या परवानगीवर पासपोर्ट मिळतो तो २५ ऑगस्ट १९९३ च्या अधिसूचनेप्रमाणे. आदेशात ना मुदत, ना प्रवासाचा काळ, तर हातात पडतो एक वर्षाचा. अनेक देशांना प्रवासावेळी सहा महिने मुदत शिल्लक लागते, म्हणजे त्या वर्षातलं अर्धं तिथेच गेलं. वकील म्हणतील, 'ते ओघाने येतंच.' येत नाही! मागच्या वेळी याच वाक्यावर विसंबलो होतो. मसुद्यातल्या मागण्या स्वतः वाचा, वर्षांचा आकडा दिसला नाही तर सही करू नका.

प्रवासाचं कारण, तारखा, तिथला पत्ता, परतीचं तिकीट, हमीपत्र हे नेहमीचंच. तारखांत थोडी सैल जागा ठेवा, कारण सरकारी वकिलांचा 'से', म्हणजे अर्जावरचं लेखी म्हणणं, यायला वेळ लागतो आणि तो आल्याशिवाय अर्ज पुढे सरकत नाही.

आदेश झाला की तिथेच वाचा. आकडा आहे ना? नसेल तर लगेच दुरुस्तीचा अर्ज, पासपोर्ट कार्यालयातून हात हलवत परत आल्यावर नव्हे.

मग नकलेचा अर्ज, प्रमाणित प्रती दोन-तीन, मुद्देमाल कारकुनाकडे, म्हणजे जप्त वस्तू सांभाळणाऱ्याकडे, पोच. लुकआउट नोटीस, म्हणजे तुम्हाला विमानतळावर अडवायची इमिग्रेशनला दिलेली सूचना, असेल तर ती वेगळी उठवून घ्या, नाहीतर पासपोर्ट असूनही इमिग्रेशनवाले परत पाठवतील. परतल्यावर मुदतीत जमा करा, पावती घ्या.