कुंड्यांवरचे पांढरे पतंग ओळखायचे कसे

पाऊस पडायला लागला की सोसायटीतले विचारायला लागतात, ताई, झाडांवर पांढरं काहीतरी उडतंय, कुठलं औषध मारू? माझं म्हणणं एवढंच की आधी नीट बघा, कारण पांढरं उडणारं सगळं एकच नसतं, आणि पतंग स्वतः पान खातच नाही, खाते ती त्याची अळी. म्हणून पतंग ओळखता आला की अळी कुठे शोधायची तेही कळतं. (पतंग म्हटलं की आमच्या बडोद्यात आधी उत्तरायण आठवतं, पण इथे पंखवाला पतंग.)

सगळ्यात आधी फांदी हलकेच हलवा. पीठ उडाल्यासारखा बारीक पांढरा ढग उठला आणि लगेच पानांखाली परत जाऊन बसला तर तो पतंग नाहीच, ती पांढरी माशी. जेमतेम एक मिलिमीटरची, मिरची, टोमॅटो, जास्वंद हिच्या आवडीचे. पानं चिकट लागतात आणि मग त्यावर काळी बुरशी चढते. पिवळ्या पुठ्ठ्याला एरंडेल लावून कुंडीत उभा करा, भरपूर चिकटतात.

आणि फुलपाखरू असेल तर? मिशा बघा, टोकाला गाठ असली की फुलपाखरू, नुसता दोरा किंवा पिसासारख्या असल्या की पतंग. बसताना फुलपाखरू बहुतेक पंख वर मिटून घेतं, पतंग मात्र पसरून नाहीतर छपरासारखे ठेवून बसतो. नीट दिसत नसेल तर पारदर्शक बरणीत धरून दहा मिनिटं फ्रिजमध्ये ठेवा (फ्रिजरमध्ये नको हं), सुस्त होतो, मग आरामात फोटो काढा आणि सोडून द्या.

आता माझ्या काकडीचं सांगते. वेलावर एक फार सुंदर पतंग बसला होता, पंख पांढरे, रेशमासारखे चमकणारे, आरपार दिसतील असे, भोवती गडद तपकिरी किनार, अगदी काठाची साडी, आणि शेपटीला केसांचा झुपका, तो फुलासारखा उघडून हलवत होता. मी नुसते फोटो काढत बसले आणि थोड्या दिवसांत पानांची जाळी झाली! किनार आणि झुपका असं दिसलं की काकडी, कारली, दुधी, गिलकी यांची गुंडाळलेली पानं त्याच दिवशी उघडून बघायची. आत हिरवी अळी असते, पाठीवर दोन पांढऱ्या रेघा, हाताने काढून साबणाच्या पाण्यात टाका, वेल एकदोनच असेल तर तेवढ्यात भागतं.

वांग्यावरचा लहान असतो, पांढऱ्या पंखांवर तपकिरी-गुलाबीसर डाग आणि बसताना पोट वर उचलून बसतो. त्याची गुलाबी अळी शेंड्यात शिरते. पाणी घालूनसुद्धा शेंडा मान टाकतोय ना, मग सुकलेल्या भागाच्या बोटभर खाली कापा, तो तुकडा चिरून बघा, अळी सापडेल. वरून फवारून काही होत नाही, ती आत असते.

पहिल्या दमदार पावसानंतर व्हरांड्यातल्या दिव्यावर मोठा पांढरा पतंग येतो, पंखाच्या पुढच्या कडेला लाल रेघ, पोट लालभडक आणि त्यावर काळे पट्टे. ह्याची केसाळ अळी म्हणजे शेतकरी ज्याला कातरा म्हणतात तो, आणि मादी पानाखाली शेकडो अंडी घालते. पाऊस पडतो त्या आठवड्यात संध्याकाळी बाहेरचा दिवा बंद ठेवला तर पतंग तुमच्या गॅलरीकडे वळणार नाहीत. दिवा लावायचाच असेल तर त्याखाली साबणाच्या पाण्याचं घमेलं ठेवा, आणि पानाखाली अंड्यांचा पुंजका दिसला तर पूर्ण पानच तोडून टाका. केसाळ अळीला उघड्या हाताने हात लावू नका, खाज सुटते, चिमटा किंवा जुना चमचा वापरा.

मोगऱ्यावर पांढरा, तलम पतंग दिसला, पुढच्या कडेला फक्त बारीक तपकिरी रेघ, तर कोवळी पानं जाळ्याने एकमेकांना चिकटली आहेत का बघा. चिकटलेली पानं चिमटीत दाबली की अळी आतच मरते. उरलेल्या कोवळ्या फुटीवर लिटरभर पाण्यात 5 मिली कडुलिंबाचं तेल आणि दोन थेंब साबण घालून संध्याकाळी फवारा, उन्हात फवारलं तर पानं करपतात.