दगड माणसाने फोडलाय की नुसताच फुटलाय? ओळखायचं कसं

नदीच्या पात्रात टोकदार दगड दिसला की 'हे आदिमानवाचं हत्यार तर नसेल?' असं मनात येतंच. प्रवरेकाठचं नेवासा, नाशिकजवळचं गंगापूर, कुकडीकाठचं बोरी इथे अशी हत्यारं खरोखरच सापडली आहेत, त्यामुळे शंका वेडगळ नाही. पण नुसते फोटो बघून नजर बसत नाही. आधी एक दगड स्वतः फोडून बघा.

१. दगड निवडा

हातोडा म्हणून मुठीत मावेल असा गुळगुळीत गोटा घ्या. फोडायला त्याहून मोठा, बारीक कणांचा काळा दगड हवा, शक्यतो आधीच एका बाजूने फुटलेला. (हे दगड हत्यारं सापडलेल्या जागेवरून आणू नका. बांधकामाच्या वाळूतून निघालेले गोटे चालतात.) हातोड्याने हलकेच वाजवा. 'ठण्ण' आवाज आला तर आत तडा नाही. 'थप्प' असा मेलेला आवाज आला तर फेकून द्या. भोकाभोकांचा कातळ घेऊ नका, तो हवा तसा फुटत नाही.

तसल्याच कातळाच्या पोकळ्यांत गारगोट्या आणि अकीक तयार होतात, आणि तेही पुढे कामी आले. पुण्याच्या डेक्कन कॉलेजचे पुरातत्त्वज्ञ ह. धी. सांकलिया यांना १९५० च्या दशकात नेवाशाला हा फरक दिसला: खालच्या, म्हणजे जुन्या थरात काळ्या दगडाच्या मोठ्या हातकुऱ्हाडी (दांड्याशिवाय हातात धरायची दगडी हत्यारं), वरच्या थरात गारेच्या जातीच्या दगडांची लहान, छिलक्यांची (घावाने सुटलेल्या पातळ तुकड्यांची) हत्यारं.

२. तयारी

डोळ्यांना गॉगल, हातात जाड मोजे, तोंडाला मास्क, मांडीवर दुहेरी गोणपाट. बसायचं उघड्यावर. मुलं लांब ठेवा, कारण ताजा छिलका ब्लेडसारखा कापतो.

३. घाव घाला

सगळी गंमत इथेच आहे. दगडाचे दोन पृष्ठभाग काटकोनापेक्षा कमी कोनात मिळतात अशी कड शोधा. त्या कडेपासून अर्धा-एक सेंटिमीटर आत, वरून खाली घाव घाला. हात मध्येच थांबवू नका, पुढे जाऊ द्या. घाव बसतो तिथून तडा आत शंकूसारखा पसरतो आणि दगडाच्या खालच्या अंगाने छिलका सुटतो, म्हणून तिथे बोटं ठेवायची नाहीत.

पहिल्या दिवशी मी दगडाच्या मधोमध ठोकत बसलो होतो. तासाभराने हाती आली पांढुरकी पूड आणि दुखरं मनगट. मला वाटलं, जोर कमी पडतोय. जोर पुरेसा होता, कोन चुकत होता. दुसऱ्या दिवशी कड बदलली आणि चौथ्याच घावाला बोटभर छिलका गोणपाटावर पडला. काथ्याची दोरी त्याने सहज कापली.

४. छिलका वाचा

छिलका उलटा करा. घाव बसलेल्या जागेच्या लगेच खाली एक फुगवटा असतो. डोळ्यांना दिसला नाही तरी अंगठ्याला लागतो. तिथून पुढे पाण्यातल्या लाटांसारखे वळ गेलेले असतात. काळ्या दगडात पुसट, गारेत स्पष्ट. आता मूळ दगड बघा. त्यावर त्याच फुगवट्याची खोलगट छाप, म्हणजे खाच, उमटलेली असते. छिलका परत तिथे बसवून पाहा, चपखल बसतो.

५. आता नदीवर जा

एका खाचेवरून काहीच सिद्ध होत नाही. पुरात गोटे एकमेकांवर आपटतात, उन्हाने तडकतात. क्रशरमधल्या खडीवर तर फुगवटेही सापडतात, म्हणून रस्त्याच्या किंवा रुळाच्या कडेला सापडलेल्या दगडावर चटकन विश्वास ठेवू नका.

बघायचं ते हे: खाचा एकाच कडेने, एकापाठोपाठ एक आहेत का? हातकुऱ्हाडीला दोन्ही बाजूंनी छिलके काढलेले असतात, त्यामुळे आडवी धरली की तिची धार नागमोडी दिसते. पाण्याला असा हट्ट नसतो. दुसरं म्हणजे रंग. जुना काळा दगड वरून मातकट होतो. सगळ्या खाचा सारख्याच मातकट असतील तर त्या जुन्या. मध्येच एखादी काळीकुळकुळीत दिसली तर ती नांगराची किंवा जेसीबीची.

आणि नजर असली की जागा कुठलीही चालते. रॉबर्ट ब्रूस फूट या भूवैज्ञानिकाने १८६३ साली मद्रासजवळ पल्लावरमला हातकुऱ्हाड ओळखली ती एका मुरमाच्या खड्ड्यात. त्याच तमिळनाडूतल्या अतिरमपक्कमची सर्वांत जुनी हत्यारं सुमारे १५ लाख वर्षांपूर्वीची आहेत.

६. खात्री वाटली तर

खिशात घालू नका. शेजारी नाणं ठेवून वरून आणि बाजूने फोटो काढा, फोनवर जागा नोंदवा, दगड कोणत्या थरात आहे ते लिहा: गोट्यांच्या, वाळूच्या की वरच्या मातीच्या. मग राज्याच्या पुरातत्त्व विभागाला किंवा डेक्कन कॉलेजला कळवा. थरातून निघालेला दगड घरच्या शोकेसमध्ये गेला की त्याचं वय सांगणारी माती मागेच राहते. परवान्याशिवाय खणायचं तर नाहीच.

घरी फोडलेल्या दगडांचा कचराही नदीकाठी टाकू नका. पुढे कुणी तो खरा समजून मोजत बसेल. मी माझे छिलके गोणीत भरून पुरतो आणि वर एक रुपयाचं नाणं टाकतो.